चिंचवणी, निखारा आणि कंधारची मासळी

कंधारहून पश्चिमेचा समुद्र सरळ रेषेत मोजला तरी सुमारे साडेचारशे किलोमीटर पडतो आणि पूर्वेचा त्याहूनही दूर. तेव्हा मासळीसोबत घास बुडवून खावयाच्या चिंचवणी या तोंडीलावण्याचा इतिहास लिहावयास बसलेल्या मनुष्याने हर्णै, मालवण, वर्सोवा ही सारी बंदरे सोडून बालाघाटाच्या डोंगररांगांतील या तालुक्याच्या गावी मुक्काम करावा, हे प्रथमदर्शनी विपरीत वाटण्याचा संभव आहे. परंतु किनाऱ्यावरच्या मासळीला अशा तोंडीलावण्याची फारशी गरजच नसते. जाळ्यातून निघून चार घटकांत चुलीपाशी पोचणारी, मुळातच खारी आणि आपल्या चवीवर उभी असलेली सुरमई कोकमाच्या आगळावर आणि ओल्या नारळाच्या रसावर सुखाने निभावून नेते. गोड्या पाण्याच्या, त्यातही साचलेल्या तळ्याच्या मासळीची गोष्ट निराळी. तिला चिंच लागते, गूळ लागतो आणि, माझे स्पष्ट मत असे की, थोडा धूरही लागतो. आणि ही तिन्ही द्रव्ये ज्या भूमीत बारा महिने हाताशी असतात, त्या भूमीत ती एका वाटीत येण्यासाठी कोणा बल्लवाचार्याच्या प्रतिभेची वाट पाहावी लागत नाही.

उन्हाळ्यात तळे आटू लागले, पाणी हिरवे पडले, म्हणजे त्यातील माशाला जो एक ओलसर मातकट वास येऊ लागतो, तो मासा चिखल खातो म्हणून येतो अशी सार्वत्रिक समजूत आहे. रसायनशास्त्राने त्याचे मूळ जिओस्मिन नावाच्या द्रव्यात शोधले आहे. पाण्यातील नीलहरित शैवाल आणि तळाच्या गाळातील काही सूक्ष्म जीव हे द्रव्य उत्पन्न करतात, ते कल्ल्यांवाटे माशाच्या शरीरात शिरते, चरबीत मुरते, आणि मनुष्याचे नाक या एका गंधाविषयी इतके तीक्ष्ण आहे की त्याचा अत्यल्प अंशही जेवणाऱ्याला पानावरून उठवू शकतो. पहिल्या पावसाने भिजलेल्या जमिनीचा जो वास कवींना मोहित करतो, तोही याच द्रव्याचा. रानात तो हवाहवासा आणि ताटात नकोसा, हा आपल्या रसिकतेचा लहरीपणा आहे. पण या द्रव्याची एक दुर्बलता अशी की आम्लाच्या सहवासात ते टिकत नाही, त्याचे विघटन होते. चिंचेच्या कोळात माशाचे तुकडे घोळवून ठेवण्याची आणि पुन्हा जेवताना चिंचेच्याच चटणीत ते बुडवण्याची देशावरील रीत केवळ जिभेच्या चोचल्यासाठी नाही, हे यावरून ध्यानात यावे. चिंच वास मारते, चिंचेचा दातांना झोंबणारा कडकपणा गूळ मारतो, आणि या दोघांच्या तडाख्यातून जो काही मातकटपणा शिल्लक राहतो, त्याच्यावर धूर आपले पांघरूण घालतो.

कंधारला तळे आहे, आणि ते आजकालचे नाही. राष्ट्रकूट घराण्याचे सम्राट स्वतःस लट्टलूरपुरीचे अधीश्वर म्हणवून घेत, आणि ते लट्टलूर म्हणजे आजचे लातूर असे बहुतेक अभ्यासक मानतात; त्याच लातूरपासून फार लांब नसलेल्या कंधार येथे तृतीय कृष्णाच्या काळचा, म्हणजे दहाव्या शतकाच्या मध्याचा, एक भग्न शिलालेख सापडला. महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी तो वाचून प्रसिद्ध केला, आणि त्यात जगत्तुंगसमुद्र या जलाशयाचा निर्देश आला आहे. जगत्तुंग हे तृतीय गोविंदाचे प्रसिद्ध बिरुद. गावालगतचा विस्तीर्ण तलाव आजही त्याच नावाने ओळखला जातो. मन्याड नदी बालाघाटात उगम पावून पुढे मांजरेला मिळते; तिच्या खोऱ्यात पावसाचा भरवसा कधीच नव्हता, म्हणून राजांनी तळी बांधली ती शेतासाठी, देवालयासाठी आणि कीर्तीसाठी. मासे त्यात आपोआप आले. राजांच्या दानपत्रांत शेते, बागा, दिवाबत्तीचे तेल, सारे नोंदले जाते. बांधाच्या खालच्या अंगाला पहाटे जाळे टाकणाऱ्याची नोंद मात्र दगडावर कोरण्याच्या योग्यतेची कोणाला वाटली नसावी.

सुदैवाने एका राजाला ती वाटली, आणि तो राजा येथून फार दूरचा नव्हता. कंधारच्या दक्षिणेस सव्वाशे किलोमीटरच्या आत कल्याणी, म्हणजे आजचे बसवकल्याण, ही चालुक्यांची राजधानी. तेथील तृतीय सोमेश्वराने ११३०च्या आगेमागे ‘मानसोल्लास’ अथवा ‘अभिलषितार्थचिंतामणि’ हा प्रचंड संस्कृत ग्रंथ सिद्ध केला. राजाने काय जाणावे, काय भोगावे आणि कशात रमावे यांचा तो कोशच होय. श्रीगोंदेकरांनी संपादिलेला त्याचा पहिला खंड बडोद्याच्या गायकवाड प्राच्य ग्रंथमालेत १९२५ साली प्रसिद्ध झाला. ग्रंथाच्या मत्स्यविनोद या प्रकरणात सोमेश्वराने पस्तीसच्या आसपास जातींचे मासे, त्यांना लावावयाची आमिषे, गळ, दोरी आणि काठी यांची चर्चा इतक्या आस्थेने केली आहे की हा मनुष्य सिंहासनापेक्षा तळ्याच्या काठी अधिक रमत असावा असा संशय यावा. अन्नभोगाच्या प्रकरणात तो मासळी शिजवण्याकडे वळतो, तेव्हा त्याचा पहिला विचार वासाचा आहे: माशाला मीठ आणि तेल चोळावे, म्हणजे दुर्गंधी जाते, आणि मग हळदीच्या पाण्याने धुवावे. आणि त्याच ग्रंथात तांदळाचे धुवण, चिंच, ताक व साखर एकत्र करून, त्यांत वेलचीची पूड आणि आल्याचा रस मिसळून, हिंगाने सुवासित केलेल्या एका व्यंजनाची कृती येते. आंबट, गोड आणि हिंगाचा उग्र परिमळ: आपल्या चिंचवणीचे हे थोरले भावंड नव्हे, असे म्हणण्याचे धाडस मी करणार नाही. मिरची त्यात नाही हे उघडच आहे, कारण ती पोर्तुगीजांच्या गलबतांतून सोळाव्या शतकात या देशाच्या किनाऱ्याला लागली आणि तेथून घाट चढून वर यावयास तिला आणखी काळ लागला. तोपर्यंत तिखटाचे काम मिरे, पिंपळी आणि आले यांच्याकडे होते.

राजा गळ टाकी तो विनोदासाठी. पोटासाठी जाळे टाकणारे ते भोई. यांच्या व्यवसायांची जुळणी मोठी विलक्षण आहे. पालखी-मेणा वाहणे, नदीतळ्यांत मासे धरणे, साचलेल्या पाण्यात शिंगाडे लावणे आणि भट्टीवर हरभरे-मुरमुरे भाजणे ही चार कामे एकाच समूहाकडे का यावीत, याचे नवल वाटते; १९१६ साली मध्यप्रांतातील जातीजमातींचा ग्रंथ सिद्ध करणाऱ्या रसेलसाहेबानेही त्यांची नोंद केली आहे. निजामाच्या मुलखातील जातींचे वर्णन सय्यद सिराज-उल-हसन यांनी १९२०च्या आपल्या ग्रंथात केले आहे. एक गोष्ट सहज लक्षात येते, ती ही की यांपैकी दोन कामे पाण्याशी निगडित आहेत आणि एक विस्तवाशी. मोटारी आल्या, सडका झाल्या, पालखी देवाच्या उत्सवापुरती उरली. भोयांच्या हाती राहिले ते जाळे आणि भट्टी. ज्या घरात पहाटे मासे येतात आणि दिवसभर वाळूच्या कढईखाली जाळ असतो, त्या घरात त्या जाळाच्या आरावर एखादा कांदा, दोन मिरच्या आणि मूठभर लसूण भाजून निघावा, यात शोध तो कसला? मराठवाड्यातील जळण म्हणजे तुरीच्या तुराट्या, कापसाच्या पऱ्हाट्या, शेणाच्या गोवऱ्या आणि चांगले दिवस असतील तर बाभळीचे ओंडके. तुराटी भडकते आणि विझते. धूर पुष्कळ, निखारा नाही. बाभळीचा निखारा मात्र राखेखाली रात्रभर जिवंत राहतो.

बाजारात भोयाची बाई पाण्याच्या घमेल्यात मरळ घेऊन बसलेली असते. हा मासा हवेतील श्वास घेणारा, त्यामुळे ओंजळभर पाण्यातही तासन् तास तग धरतो. पाठीवर काळपट पट्टे, डोके सापासारखे, आणि मधूनच शेपटीचा असा फटकारा की बघ्याच्या धोतरावर शिंतोडे उडावेत. “घ्या मामा, जित्ती हाय बघा, काटाबी कमी हाय,” असे म्हणत ती त्याला कल्ल्यापाशी बोट घालून उचलते, आणि गिऱ्हाईक किंमत विचारते त्याच्या आत राख लावून दगडावर त्याची कातडी खरवडण्यास प्रारंभही झालेला असतो. राखेचा हा उपयोग पाहण्यासारखा आहे, कारण मरळीच्या अंगाचा बुळबुळीतपणा दुसऱ्या कशाने इतका चटकन जात नाही. वाम, शिंगटी, खवल्या आणि नदीतले झिंगे हे तिचे सोबती; पण मान मरळीचा.

सतराव्या शतकात कंधारच्या नशिबी निराळा धूर होता. अहमदनगरच्या निजामशाहीचा हा बळकट भुईकोट, सभोवार पाण्याने भरलेला खंदक, आणि त्यावर शाहजहान बादशहाच्या वतीने नसीरीखानाने घातलेला वेढा. १६३१च्या मे महिन्यात किल्ला मोगलांच्या हाती पडला. विंडसरच्या राजसंग्रहात असलेल्या ‘पादशाहनाम्या’च्या हस्तलिखितात पयाग नावाच्या चित्रकाराने या वेढ्याचे जे चित्र रंगविले आहे, ते अफगाणिस्तानातील कंदाहारचे नव्हे, आपल्या कंधारचे; त्यातील धुराचे लोट, उद्ध्वस्त तट आणि मृतांचे विदारक दर्शन पाहिले म्हणजे दरबारी चित्रकाराच्या हातूनही सत्य कसे निसटते याचा प्रत्यय येतो. ती वर्षे दख्खनच्या भयंकर दुष्काळाचीही होती. त्याच मोहिमेत असफखानाच्या लष्कराला रसद पुरवीत भंगी आणि जंगी हे दोन नाईक एक लाख ऐंशी हजार बैलांचे तांडे घेऊन दक्षिणेत उतरले, असे बंजाऱ्यांची परंपरा सांगते. आकडा परंपरेचा आहे, तेव्हा तो तोलून घ्यावा. पण लष्करामागे धान्य आणि लष्कर नसेल तेव्हा मीठ वाहणाऱ्या या तांड्यांनी समुद्राचे मीठ देशावरच्या वाटीत आणून टाकले, एवढे निश्चित. त्या काळाचा आणखी एक धागा आपल्या विषयाशी जुळतो: बंदुकीच्या दारूसाठी जो कोळसा लागे, त्यात चिंचेच्या लाकडाच्या कोळशाला हिंदुस्थानात चांगली प्रतिष्ठा होती. ज्या झाडाचे फळ स्वयंपाकघरात, त्याचेच लाकूड तोफखान्यात.

आता वादाच्या मुद्द्याकडे येतो. १७२४ नंतर हा सारा मुलूख निजाम-उल-मुल्काच्या वंशजांच्या अमलाखाली गेला आणि सप्टेंबर १९४८ पर्यंत तेथेच राहिला. परिणामी मराठवाड्यात खाण्यापिण्याची कोणतीही चोखंदळ रीत दिसली की ती हैदराबादच्या शाही बावर्चीखान्यातून आली, असे म्हणून मोकळे होण्याची सवय आपल्याला जडली आहे. जळत्या निखाऱ्यावर तूप सोडून भांडे झाकावयाचे आणि पदार्थाला धूर पाजावयाचा, या क्रियेला हैदराबादी मंडळी धुंगार म्हणतात, आणि त्या एका नावावरून चिंचवणीला दिलेल्या धुरीचे पितृत्वही दरबाराकडे सुपूर्त केले जाते. मला हे मान्य नाही. नाव दरबारी असेल, नजाकतही दरबारी असेल. निखारा कांद्याच्या पोकळ पाकळीत ठेवण्याची नाजूक युक्ती खुशाल त्यांच्या नावे जमा करावी. परंतु वांगे आरात भाजून त्याचे भरीत करणारी, कैरी राखेत पुरून तिचे पन्हे काढणारी, सुके खोबरे निखाऱ्यावर काळे होईतो धरून वाटणात घालणारी बाई धुराची चव शिकण्यासाठी चारमिनारापर्यंत गेली असेल, ही कल्पना हास्यास्पद आहे. धूर तिच्या चुलीतून, कपड्यांतून, डोळ्यांतून रोज जातच होता. दरबाराने केले ते एवढेच की जो धूर नाइलाज होता त्याला शोभेचे स्थान दिले. मासळी आणि गूळ यांच्या संगतीचा एक चमत्कारिक प्रकार मात्र खास हैदराबादचा: मृगाच्या मुहूर्तावर दम्याच्या रोग्यांना जिवंत मरळीच्या पिलाच्या तोंडात औषध भरून ते गिळावयास देतात, आणि शाकाहारी रोग्याला तेच औषध गुळातून देतात. वैद्यकदृष्ट्या त्याची योग्यता काहीही असो, त्या दिवशी तेथे लोटणारी गर्दी अफाट असते.

दरबारापेक्षा या चटणीच्या जडणघडणीत दफ्तराचा हात मोठा होता, असे माझे निरीक्षण आहे. तळ्यातील मासळीचा मक्ता, सरकारी जागेतील व सडकेच्या कडेच्या झाडांच्या फळांचा हर्रास, बाजारात येणाऱ्या मालावरचा सायर आणि कारागिरांवरचा मोहतर्फा, या जुन्या शब्दांतून जी अर्थव्यवस्था दिसते, तीत चिंच आणि मासा हे दोघेही सरकारच्या नोंदीतले जिन्नस होते, आणि मक्तेदाराने जे गोळा केले ते गावातच खपवणे त्याला सोयीचे पडे. चिंच फाल्गुन-चैत्रात पिकते. झाड झोडपले की बायका ओसरीवर बसून चिंच फोडतात: दगडावर ठेवून टरफल उडवावयाचे, मधली शीर ओढून काढावयाची, कोयत्याच्या किंवा लोखंडी पट्टीच्या टोकाने चिंचोका बाहेर ढकलावयाचा आणि गराला मीठ लावून त्याचे गोळे बांधून मडक्यात दाबून ठेवावयाचे. चिंचोके टाकून देत नाहीत. त्यांची खळ धनगरांच्या घोंगड्यांना लागते. नवी चिंच तांबूस आणि तीव्र आंबट असते, वर्ष उलटले म्हणजे ती काळी पडते आणि तिच्या आंबटपणाला एक गोडसर खोली येते. चिंचवणीला जुनीच चिंच घ्यावी. लातूरची पेठ या मालासाठी मोठी: बार्शी लाईट रेल्वेचा फाटा १९११ साली तेथवर पोचला, १९१७च्या सुमारास गंजगोलाईची वर्तुळाकार बाजारपेठ उभी राहिली, आणि डाळींच्या जोडीने गूळ व चिंच यांची उलाढाल तेथे वाढत गेली. हैदराबाद-गोदावरी खोरे रेल्वे त्याआधीच, १९०० सालाच्या सुमारास, नांदेडवरून धावू लागली होती.

गुळाविषयी दोन शब्द अधिक लिहिणे भाग आहे, कारण चिंचवणीतील धुराचा अर्धा वाटा त्याचा असतो आणि हे ध्यानात न घेता पांढऱ्या साखरेवर किंवा गोरागोमटा गूळ आणून ती करणारे लोक मग निखाऱ्याला दोष देतात. गुऱ्हाळात चुलवाणावर भली मोठी काहील चढते, खाली उसाचीच वाळलेली चिपाडे जळत असतात, रसावर येणारी मळी काढून टाकण्यासाठी भेंडीच्या झाडाचा चिकट रस घालतात, आणि रस आटत आटत काकवीच्या अवस्थेला आला की गुळव्या फावडीवरून गळणारी धार डोळ्यांनी तोलत राहतो. काकवी आणि गूळ यांच्यामधला तो क्षण थोडा चुकला तर गूळ मऊ पडतो, आणखी चुकला तर करपतो. काळपट, किंचित करपट गुळाची ढेप बाजारात कमी भावाने जाते. चिंचवणीला तीच हवी. काकवी मिळाली तर तिच्याहून उत्तम काही नाही.

छापील पाकशास्त्रात हे काही सापडत नाही. मराठीतील आद्य पाकग्रंथ म्हणून ज्याचा उल्लेख होतो ते रामचंद्र सखाराम गुप्ते यांचे ‘सूपशास्त्र’ १८७५ साली निघाले. लक्ष्मीबाई धुरंधर यांचे ‘गृहिणी-मित्र अथवा हजार पाकक्रिया’ १९१० साली, आणि त्यात मुंबईच्या पाठारे प्रभूंच्या मासळीचे वैभव मन प्रसन्न होईल इतके आहे. परंतु दोन्ही ग्रंथ ब्रिटिश अमलातील मुंबई इलाख्याच्या वाचकांसाठी. मोगलाईतील, म्हणजे निजामाच्या मुलखातील, मराठी माणसाच्या शाळाकचेऱ्यांची भाषाच जेथे उर्दू होती, तेथे त्याच्या तळ्याच्या माशाची कृती मराठीत कोण छापणार?

म्हणून ती येथे सविस्तर देतो. ज्यांना इतिहास पुरे झाला असेल त्यांनी फक्त एवढाच भाग वाचला तरी मला राग नाही. नवटाकभर जुनी चिंच दोन भांडी कडकडीत पाण्यात घटकाभर भिजवावी आणि हाताने कोळून गाळून घ्यावी. गाळणीतून चोथा दाबून घेण्याचा आळस केला तर रंग येतो, अंग येत नाही. एक मध्यम कांदा सालीसकट निखाऱ्यावर ठेवून बाहेरून पुरता काळा होऊ द्यावा. आतील पाकळ्या वाफेवर शिजून पारदर्शक झाल्या की काम झाले. त्याच निखाऱ्यावर लसणाच्या सात-आठ पाकळ्या, चार सुक्या मिरच्या आणि खोबऱ्याचा एक तुकडा भाजावा. मिरची मात्र डोळ्यांत तेल घालून, कारण ती निमिषात जळते आणि जळलेली मिरची सारे कडू करते. कांद्याची करपलेली बाह्य साल काढावी, पण फार स्वच्छ काढू नये, दोन काळे ठिपके राहिले तर राहू द्यावेत. हे सर्व चमचाभर भाजलेल्या जिऱ्यांसह पाट्यावर बारीक वाटावे. मग चिंचेचा कोळ मातीच्या किंवा कल्हईच्या भांड्यात उकळत ठेवावा. बिनकल्हईच्या पितळेत चिंच कळकते, आणि तिचे गुण पितळ घासण्यात दिसावेत, पोटात नव्हे. उकळी आली की सव्वा ते दीड नवटाक गूळ, वाटण आणि मीठ घालून मंद आचेवर आटवावे. पळी उलटी केली असता तिच्या पाठीवर थर धरून राहील आणि बोटाने ओढलेली रेघ मिटणार नाही, इतके दाट झाले म्हणजे उतरवावे. थंड झाल्यावर ते आणखी घट्ट होते, याची तजवीज आधीच ठेवावी.

आता धुरी. चिंचवणी कोमट असतानाच तिच्यावर कांद्याची एक पोकळ पाकळी नावेसारखी तरंगत ठेवावी, तीत बाभळीचा रसरशीत निखारा टाकावा, त्यावर चिमूटभर हिंग आणि अर्धा चमचा तूप सोडावे, आणि ताबडतोब झाकण घालावे. हिंग आधी, तूप मागून. उलट केले तर हिंग तुपात तरंगत राहतो आणि जळत नाही. पाच मिनिटे पुरेत. दहा मिनिटे ठेवणारे लोक मी पाहिले आहेत, त्यांच्या चिंचवणीला धुराची नव्हे, धुराड्याची चव येते. झाकण काढल्यावर निखारा काढून टाकावा आणि एकदा ढवळून तासभर तशीच ठेवावी, म्हणजे वरच्या थरात बसलेला धूर खालपर्यंत उतरतो. गॅसच्या शेगडीवर संसार करणाऱ्यांनी कांदा थेट ज्योतीवर भाजावा आणि कोळशाचा एक तुकडा चिमट्याने धरून लाल करावा. लाकडी कोळसाच असावा, दगडी कोळशाचा किंवा लवकर पेटणाऱ्या रसायन लावलेल्या वड्यांचा धूर अन्नावर घेऊ नये. मासा तळावयाचा असेल तर हळद-मीठ-तिखट लावून ज्वारीच्या पिठात घोळवावा आणि करडईच्या तेलात तळावा. ज्वारीचे पीठ तांदळाच्या रव्यासारखे कुरकुरीत होत नाही, खरबरीत होते, आणि त्या खरबरीतपणावर दाट चिंचवणी चांगली चिकटते.

स्वातंत्र्यानंतर तळ्यातली मासळीच बदलली, आणि तिच्याबरोबर वाटीतले प्रमाणही. रोहू, कटला, मृगळ यांचे बीज पूर्वी बंगालच्या नद्यांतून गोळा करून आगगाडीने दूरदूरच्या प्रांतांत न्यावे लागे. १० जुलै १९५७ रोजी ओरिसात डॉ. हिरालाल चौधरी यांनी पीयूषिका ग्रंथीचा अर्क टोचून कार्प माशांचे कृत्रिम प्रजनन यशस्वी केले, आणि त्यानंतर मत्स्यबीज हवे तेथे तयार करणे शक्य झाले. त्याच्या पाच वर्षे आधी, १९५२ साली, आफ्रिकेच्या मूळची तिलापिया देशात आणली गेली होती. आमच्याकडे तिला चिलापी म्हणतात, आणि ज्या पाण्यात ती शिरते तेथून ती निघत नाही. मन्याडवर बारूळला धरण झाले, मच्छिमारांच्या सहकारी संस्था निघाल्या, मक्त्याची जागा ठेक्याने घेतली. नव्या जलाशयांतून पुष्कळ आणि स्वस्त मासळी येऊ लागली, ही गोष्ट चांगलीच झाली. कटल्याच्या जाड, चरबीयुक्त पोटाच्या तुकड्याला चिंचवणी फार शोभते, किंबहुना मरळीपेक्षाही, कारण मरळीचे मांस मुळात कोरडे आणि सौम्य असते आणि तिला गूळ थोडा कमी घालावा लागतो. चिलापी उन्हाळ्यात सर्वांत मातकट. तिला चिंच दीडपट घ्यावी आणि तळण्याआधी अर्धा तास कोळात बुडवून ठेवावी. झिंग्यांना यातले काही नको. ते स्वतःच गोड असतात, त्यांना आरावर टरफलासकट भाजून चिंचवणीचा केवळ स्पर्श द्यावा.

राहता राहिली सुकट. रेल्वे आल्यापासून कोकणची सुकी मासळी देशावरच्या आठवडी बाजारांत सहज पोचू लागली, आणि कंधारकडच्या पुष्कळ घरांत खऱ्या समुद्राची ओळख झाली ती बोंबील, जवळा आणि सुकट यांच्या रूपानेच; तव्यावर कोरडी परतून कांदा-मिरचीत घातलेली सुकट आणि ज्वारीची भाकरी हे पावसाळ्यातले अनेकांचे ठरलेले जेवण. तिच्यासोबत चिंचवणी वाढण्याची नवी हौस अलीकडे काही घरांत दिसते. ती करू नये. सुकटीत मिठाचा भर आधीच पुरेसा असतो, चिंचेने तो अधिक टोचतो, आणि चिवट सुकटीला लागलेला गुळाचा पाक दातांत चिकटून बसतो. शिवाय तळ्याच्या पाण्याचा जो वास झाकण्यासाठी हा सारा प्रपंच मांडला, तो वास तिच्या अंगाला कधी लागलेलाच नसतो.